खंडेनवमीला बंद केलेलं मशीन

"बंद करू?" बशीरनं विचारलं.

"कर," मी म्हणालो.

त्यानं आज्ञा टाइप केली आणि आम्ही दोघं पंखे थांबायची वाट बघत उभे राहिलो. खंडेनवमी होती. कोल्हापूरच्या आमच्या फाउंड्रीत त्या दिवशी सगळं थांबायचं. भट्टी, लेथ, ग्राइंडर, कॉम्प्रेसर, आणि वरच्या मजल्यावरचं आमचं मेलचं मशीनही. वर्षातून तेवढाच एक दिवस ते बंद व्हायचं. एरवी लाइट गेली तरी यूपीएस होता आणि यूपीएसच्या मागं जनरेटर. पंखे थांबले तशी खोली गप्प झाली. त्या खोलीत आपण वर्षभर मोठ्यानं बोलतो, हे तेव्हाच कळायचं.

पूजा दरवर्षी त्रिशला करायची. माझी बायको. त्याच ऑफिसात ती डिस्पॅचची मेल बघायची. कुठला माल कुठल्या ट्रकनं निघाला ते गिऱ्हाइकांना कळवायचं तिचं काम होतं. मशीन ओल्या फडक्यानं पुसायची, मग कोरड्यानं, मग हळदकुंकू, झेंडूची माळ. ती त्या वर्षी ज्येष्ठात गेली. डेंगीचा ताप होता. दवाखान्यात नेलं तेव्हा ती चालत आत गेली होती.

वर्ष व्हायच्या आत मी पूजेला बसणार नव्हतो. म्हणून ताट बशीरनं हातात घेतलं.

"कुठल्या बोटानं?" त्यानं विचारलं.

"अनामिकेनं."

"वहिनी अंगठ्यानं लावायच्या."

"काहीतरीच. अंगठ्यानं कोण लावतं?"

"मी बघितलंय की अण्णा. इतकी वर्षं ताट धरून उभा राहतोय त्यांच्यामागं." आणि त्यानं अंगठ्यानंच लावलं.

बशीर मुल्लाणी माझ्यापेक्षा पाचसहा वर्षांनी लहान. आधी फाउंड्रीत इलेक्ट्रिशियन होता. मीच त्याला वर घेतला, कॉम्प्युटरचं शिकवलं. मला अण्णा म्हणायचा. दुसरा भाऊ नव्हता मला.

नारळ फुटला, पेढे वाटले, आणि आम्ही मशीन परत चालू केलं.

सगळं उठलं, मेल उठली नाही.

आमच्या मेलच्या वाटेवर एक तपासणारा प्रोग्राम होता. आत येणारी आणि बाहेर जाणारी प्रत्येक मेल त्याच्या हाताखालून जायची. व्हायरस नाही ना बघायचा आणि पुढं सोडायचा. तो उठला नाही तर सगळी मेल दारातच अडणार. स्क्रीनवर एक ओळ आली होती. शेअर्ड लायब्ररी उघडता येत नाही, अशी फाइल अस्तित्वात नाही.

ज्यांना यातलं माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. काही कामं अशी असतात की ती अनेक प्रोग्रामना लागतात. प्रत्येकात ती पुन्हा लिहीत बसत नाहीत. एका फाइलीत लिहून ठेवतात आणि ज्याला लागेल तो तिथून घेतो. अशा फाइलीला शेअर्ड लायब्ररी म्हणतात. ती जागेवर नसेल तर प्रोग्राम सुरूच होत नाही.

एलडीडी नावाची एक आज्ञा आहे. एखाद्या प्रोग्रामला कुठल्या कुठल्या लायब्रऱ्या लागतात आणि त्या कुठं सापडल्या, हे ती सांगते. बशीरनं ती दिली. भराभर ओळी आल्या. एका ओळीपुढं 'नॉट फाउंड'.

मग त्यानं ती फाइल असायला हवी होती तो फोल्डर उघडला. मी मागं उभा होतो, चष्मा टेबलावर होता. मला अक्षरं दिसली नाहीत. बशीरची मान दिसली. तो वाचता वाचता थांबला. एखाद्याला मागून कुणी हाक मारावी तसा. आणि त्यानं ती खिडकी बंद केली.

"काय होतं?" मी विचारलं.

"काही नाही. एक फाइल गेलीय."

"मला बघू दे."

"बघण्यासारखं काही नाही अण्णा. जुन्या डिस्कवर असणार ती. स्टोअरमधनं घेऊन येतो, टाकतो, चालू करतो. तुम्ही चहा घ्या." आणि तो उठून गेला. जाताना त्यानं स्क्रीन लॉक केली. आमच्या खोलीत कुणी कधी स्क्रीन लॉक केली नव्हती.

तो जिन्यात असेल नसेल तोवर शिंत्रे साहेब आले. फाउंड्रीचे मॅनेजर. कपाळाला टिळा, हातात पेढा, तोंड मात्र पूजेचं नव्हतं.

"मगदूम, मेल कुठाय? जर्मनीवाले आज ड्रॉइंग पाठवणार. उद्या दसऱ्याला पहिलं ओतकाम त्याचंच करायचं. मालकांनी शब्द दिलाय."

"एक फाइल गेलीय साहेब. बशीर आणायला गेलाय."

"गेलीय म्हणजे? आपोआप जाते?"

"नाही."

"मग?"

"कुणीतरी काढावी लागते."

त्यांनी पेढा तोंडात टाकला आणि खाऊन होईपर्यंत माझ्याकडं बघत राहिले. "या मशीनचा पासवर्ड कुणाकुणाकडं आहे?"

तिघांकडं होता. माझ्याकडं, बशीरकडं आणि त्रिशलाकडं. मी म्हणालो, "आम्हा दोघांकडं."

"तुम्ही काढली?"

"नाही."

"झालं तर मग."

शिंत्रे त्रिशलाच्या खुर्चीवर बसले. ती खुर्ची मी कुणाला बसू देत नव्हतो, पण त्यांना कसं सांगणार?

"गोकुळ शिरगावात नवी फाउंड्री झालीय ना," ते म्हणाले, "तिथं मुल्लाणी गेला होता मागच्या महिन्यात. एचआरच्या केबिनमधनं बाहेर पडताना आपल्या माणसानं बघितलाय. बोलला तुम्हाला?"

"नाही."

"बघा. जाणारा माणूस जाताना काडी करून जातो. वर त्याला मशीनची पूजा करू दिली. तुम्ही नव्हता बसणार तर गुरवाला बोलवायचं."

"पूजेचं काय साहेब त्यात. दरवर्षी तोच ताट धरतो."

"धरणं वेगळं." ते उठले. "मला भांडायचं नाही मगदूम. तुम्ही इथले हेड आहात. संध्याकाळच्या आत एवढं सांगा की फाइल त्यानं काढली. मी त्याचं गेटचं कार्ड काढून घेतो. पोलिसात जात नाही, तुमच्याकडं बघून. आणि त्यानं नसेल काढली तर दुसरं नाव सांगा. नाव पाहिजे मला."

ते गेले. मी चष्मा घातला आणि माझ्या कॉम्प्युटरवरून मशीनमध्ये शिरलो. आधी कोण कोण आत आलं होतं ते बघितलं. जागा कमी होती म्हणून एक महिन्याचीच नोंद आम्ही ठेवायचो. त्यात दोनच नावं होती. बहुतेक बशीरचं. मी त्या दिवसांत कामावर येऊन नुसता बसत होतो.

कालपर्यंत मेल चालू होती. आज नाही. म्हणजे फाइल कालच्या-आजच्यात गेली. आणि मी काढली नव्हती.

एकदा मनात आलं की मग सगळं तसंच दिसायला लागतं. त्रिशला गेल्यापासून बशीर बदलला होता. मी खोलीत आलो की काहीतरी काम काढून खाली जायचा. तिच्या टेबलाकडं बघायचा नाही. डबा माझ्याबरोबर खायचा, तो खाली शॉपमध्ये, भट्टीवरच्या मुलांबरोबर खायला लागला. मी हे दुःखाच्या खात्यावर टाकलं होतं. आता वाटलं, दुसरीकडं जायचं ठरलेला माणूसही असंच वागतो. तोंड चुकवतो. आणि ती स्क्रीन लॉक करणं. मला, त्याच्या अण्णाला, दिसू नये म्हणून.

दारात आडसूळ येऊन उभा राहिला. मोल्डिंगचा फोरमन. टोपीवर गुलाल, दोन्ही हातात पेढे.

"काय म्हणतोय तुमचा टपालवाला? उठला का न्हाई?"

"नाही अजून. लायब्ररी गेलीय त्याची."

"लायब्ररी? वाचत बी हुता काय? मग नोकरीला कशाला ठेवला त्याला, मास्तर करायचा." तो स्वतःच हसला. मी हसत नाही असं बघून जवळ आला. "खाली बोलायलेत अण्णा. बशीरनं काडी घातली म्हणून. खरं हाय का?"

"कोण बोलतंय?"

"कोण म्हणजे, सगळीच. शिंत्रे साहेब जिन्यात मोठ्यानं बोलत हुते." तो खुर्ची शोधत होता, मग उभाच राहिला. "मला न्हाई पटत. पण आजकाल कुणाचं काय सांगावं. तुमचं काय म्हणणं?"

"बघतो," मी म्हणालो. मी 'नाही' म्हणालो नाही. आडसूळनं ते ऐकलं. तो पेढे टेबलावर ठेवून गेला.

बशीर आला तो जुनी डिस्क घेऊन. माझ्याकडं न बघता त्यानं ती जोडली, स्क्रीन उघडली. फाइल त्या डिस्कवर होती. अगदी तीच, त्याच आवृत्तीची. हे महत्त्वाचं असतं. नाव तेच आणि आवृत्ती दुसरी असली तर प्रोग्राम उठतो आणि मध्येच कोसळतो. त्यानं कॉपीची आज्ञा टाइप केली. बोट एन्टरवर गेलं.

"थांब," मी म्हणालो.

"काय?"

"आधी फोल्डरची तारीख बघू."

"तारीख कशाला आता? मेल चालू करू आधी. जर्मनीवाले बसलेत तिकडं."

"बसू देत. तारीख बघू."

"चालू करून बघू की."

फाइल काढली की ती कधी काढली हे कुठं लिहिलेलं राहत नाही. पण ती ज्या फोल्डरमधून काढली, त्या फोल्डरवर शेवटच्या बदलाची तारीख राहते. त्यात नवी फाइल टाकली की जुनी तारीख जाते आणि तिथं आजची येते. एकदा एन्टर दाबलं की कधी गेली, कुणी काढली, हे कुणालाच कळणार नव्हतं. हे बशीरला माहीत होतं. कारण मीच त्याला शिकवलं होतं, याच टेबलावर.

"हात काढ," मी म्हणालो.

"अण्णा."

"हात काढ म्हणतो ना बशीर."

त्यानं हात काढला नाही. दाबलंही नाही. आम्ही दोघं तसेच. खाली शॉपमध्ये कुणीतरी स्पीकर लावला होता, त्याचा आवाज येत होता.

"शिंत्र्यांना काय पाहिजे?" त्यानं विचारलं.

"नाव पाहिजे. संध्याकाळच्या आत."

"मग माझं सांगा."

"तू काढलीस?"

"सांगा म्हणतोय ना."

"मी काय विचारतोय? काढलीस का?"

त्यानं नजर स्क्रीनवरच ठेवली.

"शिरगावात नोकरी ठरलीय तुझी," मी म्हणालो. "जा ना. मी अडवलं असतं? मला सांगून गेला असतास तर गेटपर्यंत सोडायला आलो असतो. ही असली कामं कशाला?"

"कुठली नोकरी?" त्यानं पहिल्यांदा माझ्याकडं बघितलं. "जावयासाठी गेलतो मी तिथं. मिरजेत त्याचं काम सुटलंय. तुम्हाला काय सांगायचं ते, तुमचंच सगळं आभाळ फाटलेलं."

"मग तारीख का बघू देत नाहीस?"

"तुम्ही बघू नये म्हणून."

हे तो इतक्या साध्या आवाजात बोलला की मी उलट चिडलो. त्याचा हात धरून बाजूला केला, त्याची आज्ञा पुसली आणि फोल्डर उघडला.

फोल्डरमध्ये त्या लायब्ररीच्या नावाचं एकच नाव उरलं होतं आणि ते लाल अक्षरात होतं. अशी लायब्ररी साधारण तीन नावांनी ठेवलेली असते. एक लांब नाव, त्याच्यापुढं आवृत्तीचे सगळे आकडे, ती खरी फाइल. बाकीची दोन आखूड नावं म्हणजे नुसते बोट दाखवणारे. खरी फाइल तिकडं आहे, एवढंच सांगणारे. ज्यानं काढली होती त्यानं लांब नावाची आणि मधली काढली होती आणि सगळ्यात आखूड, सुटसुटीत नाव ठेवलं होतं. ते नाव आता नसलेल्या फाइलीकडं बोट दाखवत होतं. असं झालं की ते लाल दिसतं.

हे काडी करणाऱ्याचं काम नव्हतं. काडी करणारा तिन्ही काढील. हे आवरणाऱ्याचं काम होतं. एकच वस्तू तीनदा कशाला, म्हणून दोन टाकून एक नीट ठेवणाऱ्याचं.

मी वर तारीख बघितली. बावीस फेब्रुवारी.

मी ती दोनदा वाचली. मग बशीरकडं बघितलं. तो खिडकीकडं बघत होता.

बावीस फेब्रुवारीला त्याच्या लेकीचं, तरन्नुमचं लग्न होतं, मिरजेला. सगळं ऑफिस गेलं होतं. शिंत्रेही आले होते. कंपनीची बस केली होती. मशीनजवळ कुणीतरी पाहिजे म्हणून एकच माणूस मागं राहिलं होतं. तिनंच सांगितलं होतं, तुम्ही जा, भावासारखा आहे तो तुमचा, मी संध्याकाळी परस्पर घरी जाते.

"पण मग मेल इतके महिने..." मी म्हणालो आणि थांबलो. उत्तर मला माहीत होतं. सकाळीच सुचायला हवं होतं. प्रोग्राम सुरू होताना लायब्ररी एकदाच उचलतो आणि आपल्यापाशी ठेवतो. नंतर डिस्कवरून ती काढली तरी तो चालत राहतो. त्याला पत्ताच नसतो. बंद करून परत उठवलं की मग शोधतो. आम्ही ते मशीन खंडेनवमीशिवाय बंदच करत नव्हतो.

"त्यांचीच आवराआवर ती," बशीर म्हणाला. "तारीख बघितली आणि कळलं मला."

"आणि तू तुझं नाव सांगायला निघालास."

"माझं काय? दुसरीकडं बघितलं असतं."

"कुठं बघितलं असतंस? काडी करून आलेल्याला कोण घेतं कोल्हापुरात? जावयाचं तर सोडच."

"अण्णा, मेलेल्या माणसाला उत्तर देता येत नाही," तो म्हणाला. "त्याच्या नावावर काही घालायचं नसतं. मी टाकतो ती फाइल. तारीख जाऊ दे. तुम्ही शिंत्र्यांना सांगा, कळलं नाही म्हणून."

मी विचार केला, नाही असं नाही. एन्टर दाबायचं आणि संपलं. तिच्याबद्दल त्या फाउंड्रीत कुणी कधी वावगं बोललं नव्हतं. दहाव्याला खालची पोरं आली होती, हमालसुद्धा आले होते. आणि आता तिच्यामुळं जर्मनीचं काम अडलं, असं बोलणार.

"कळलं नाही म्हटलं तर ते तुझंच नाव धरणार," मी म्हणालो.

"धरू देत."

"चल."

"कुठं?"

"चल माझ्याबरोबर."

आधी मी त्याच्याच हातानं फाइल टाकायला लावली. लायब्रऱ्यांची यादी ताजी करायची आज्ञा असते, तीही दिली. तपासणारा उठला. सकाळपासून अडलेली मेल एकामागून एक जायला लागली. जर्मनीचं ड्रॉइंग त्यातच होतं. पण त्याआधी मी मोबाइलनं त्या स्क्रीनचा फोटो काढून घेतला होता.

शिंत्रे केबिनमध्ये होते. बशीरला बघून त्यांनी हात पुढं केला, कार्डासाठी.

"साहेब, कार्ड नको," मी म्हणालो. "फाइल त्रिशलानं काढली होती. चुकून. फेब्रुवारीत."

ते माझ्याकडं बघत राहिले. मग हळू आवाजात, "मगदूम, बसा. मला समजतं. मैत्री आहे तुमची. पण गेलेल्या बाईवर..."

मी फोन पुढं ठेवला. "तारीख बघा. त्या दिवशी तुम्ही कुठं होता?"

त्यांना आठवायला वेळ लागला. मग आठवलं. ते बशीरकडं न बघता म्हणाले, "पण मग इतके महिने चाललं कसं?"

"वाळूत साचा घालून झाला आणि ज्याच्यावरून घातला तो लाकडी पॅटर्न मोडला, तर ओतकाम अडतं का?"

"नाही. साचा आहे तोवर चालतं."

"आणि पुढचा साचा घालायला गेलं की?"

शिंत्रे भट्टीजवळच वाढलेले. त्यांनी मान डोलवली. मग म्हणाले, "मुल्लाणी, हे तू बोलला का नाहीस? लेकीचं लग्न होतं तुझ्या, एवढं म्हटलं असतंस तरी विषय संपला असता."

"तुम्ही मला विचारलंच नाही साहेब," बशीर म्हणाला.

मीही सरळ विचारलं ते 'हात काढ' म्हणून झाल्यावर.

"ठीक आहे," शिंत्रे म्हणाले. "वहिनींचं नाव बाहेर काढायला नको. फाइल खराब झाली म्हणून सांगू सगळ्यांना."

"नको," मी म्हणालो. "तुम्ही जिन्यात काय बोललात ते खाली सगळ्यांनी ऐकलंय. खराब झाली म्हटलं की लोक मान हलवतील आणि बशीरकडंच बघतील. जन्मभर. तिनं काढली म्हणून सांगा. तिला काही होत नाही आता."

"तुम्हाला चालेल?"

"नाही चालणार. पण सांगा."

त्यांनी सांगायच्या आधी मीच सांगितलं. जिना उतरतोय तर आडसूळ आणि चारपाच जण कॉम्प्रेसरला माळ बांधत होते. आडसूळनं विचारलं, "सापडला का चोर?"

"चोर नाही," मी म्हणालो. "आमच्या त्रिशलाकडनं गेली होती फाइल. आवरताना. आज मशीन बंद केलं म्हणून कळलं."

आडसूळनं डोक्यावरची टोपी काढली. काय करावं हे न कळून त्यानं ती परत घातली. मग हातातली उरलेली माळ बशीरच्या गळ्यात टाकली आणि म्हणाला, "धर लेका. तुझ्या नावानं उगंच शिव्या घातल्या मघाशी."

"किती घातल्यास?"

"मोजल्या न्हाईत. पण लई हुत्या."

पोरं हसली. बशीरही हसला, माळ काढून त्यानं कॉम्प्रेसरलाच घातली.

बाहेर गेटजवळ चहाची गाडी होती. आम्ही दोघं तिथं उभे राहिलो. तो माझ्यावर रागावला होता. कपाकडं बघत होता, माझ्याकडं नाही.

"सांगायला नको होतं तुम्ही," तो म्हणाला.

"तिनंही सांगितलंच असतं. उभ्या उभ्या."

"वहिनींनी? उलट. त्यांनी मलाच सांगितलं होतं, सांगू नका म्हणून."

मी कप खाली घेतला. "म्हणजे?"

"म्हणजे काय, मला माहीत होतं असं नाही. फाइलीचं आज कळलं. पण त्या दिवशी त्यांचा फोन आलता, मिरजेला. तुमचा लागेना म्हणून माझ्याकडं केला. मेल अडलीय म्हणाल्या, मशीनवर जागा भरलीय. मी म्हटलं अण्णांना देतो फोन. तर म्हणाल्या, कुठायत ते? मी म्हटलं, पानावर बसलेत." तो थांबला. "तुमच्यासाठी वेगळा, जैनांचा स्वयंपाक केलता. बाजूच्या घरात, पाटीलवाड्यातल्या आचाऱ्याकडनं. कांदालसूण नाही, बटाटा नाही. दिवस मावळायच्या आत पान वाढलं होतं."

"आठवतंय."

"तर म्हणाल्या, मग त्यांना काही सांगू नका. सांगितलं तर अर्ध्या ताटावरून उठून बस धरतील. मी आवरते इथलं, जुनं-जादाचं काढून टाकते. त्यांना पोटभर जेवू द्या." बशीरनं चहा संपवला, कप गाडीवर ठेवला. "मी म्हटलं, आवरा वहिनी. काय काढायचं, काय नाही, तेवढंही सांगितलं नाही मी. वाजंत्री वाजत होती, ऐकू येत नव्हतं. त्या गेल्यापासनं तुमच्यासमोर आलो की तो फोन आठवायचा. रोजच्या कामापलीकडचं शेवटचं बोलणं तेच आमचं, नीट असं. सांगावं वाटायचं, पण तुमचं तोंड बघून जमायचं नाही."

बासुंदी होती त्या दिवशी. वाढप्यानं आग्रह केला आणि मी दुसऱ्यांदा घेतली होती. घरी पोचायला रात्र झाली. तिनं दार उघडलं. मी विचारलं होतं, ऑफिसात काही विशेष? ती म्हणाली, काही नाही हो, नेहमीचंच, आणि पाण्याचा तांब्या हातात देऊन विचारलं, "काय काय होतं जेवायला?" मी एकेक पदार्थ सांगत गेलो आणि ती उंबऱ्यात उभी राहून ऐकत राहिली.